लष्कराचें कुंपण आणि रयतेचा सातबारा

येरवडा हें नांव निघालें कीं परगांवच्या माणसास दोनच गोष्टी आठवतात, तुरुंग आणि वेड्यांचें इस्पितळ. तिसरी गोष्ट येरवडेकरांच्या रोज डोळ्यांसमोर असून तिच्याविषयीं कोणी लिहीत नाहीं. ती म्हणजे लष्कर. पश्चिमेस खडकीकडे सॅपर्स पलटणीचें ठाणें व १८६९ पासूनचा दारूगोळ्याचा कारखाना, ईशान्येस १९३९ सालीं महायुद्धाच्या तोंडावर उभारलेला लोहगांवचा विमानतळ, उत्तरेस आळंदीच्या रस्त्यानें गेलें कीं कळस-दिघीचीं लष्करी आवारें, आणि दूर वायव्येस देहूरोडचें कोठार. भिंतींच्या आंत देशाचें सैन्य व त्याचें सामान. भिंतींच्या बाहेर जीं घरें आहेत तीं मराठे, माळी, वडार, बौद्ध, मातंग, सुतार, लोहार, गवंडी अशा हातावर पोट असणाऱ्यांचीं. आजचा आमचा विषय भिंतीबाहेरच्या या पट्ट्याचा आहे. सरकारी कागदांत त्याला लांबलचक नांव आहे. लोक त्याला ‘रेड झोन’ म्हणतात, आणि हा शब्द उच्चारतांना घरच्या बायांचा चेहरा उतरतो.

प्रथमच सांगून टाकतों, म्हणजे कोणाचा गैरसमज होऊं नये. लष्कराभोंवतीं मोकळी जागा हवी, दारूगोळ्याच्या कोठाराजवळ माणसांची वस्ती असूं नये, हें आम्हांस पूर्ण मान्य आहे. ‘रेड झोन हटवा’ असें म्हणणाऱ्यांत आम्ही नाहीं. आमचें म्हणणें एवढेंच कीं, हें कुंपण सगळ्या देशासाठीं आहे, तर त्याची किंमत सगळ्या देशानें द्यावी. ज्याच्या गट नंबरावरून रेषा गेली त्या एकट्यानें कां द्यावी?

१८१७ च्या नोव्हेंबरांत या येरवड्यानेंच एक मोठी गोष्ट पाहिली. ५ तारखेस खडकीची लढाई झाली. १६ च्या रात्रीं जनरल स्मिथची फौज येरवड्याच्या उतारानें नदी ओलांडूं लागली. तेथें झुंज झाली, पण १७ च्या सकाळीं इंग्रज पुढें सरले तों पेशव्यांची छावणी ओस पडलेली. त्याच दिवशीं शनिवारवाड्यावर इंग्रजांचें निशाण चढलें, आणि तें चढवणारे बाळाजीपंत नातू होते. कुणब्याचें पोर तें चढवायला गेलें नव्हतें, परंतु कुणबी त्या निशाणापुढें आडवाही पडला नाहीं. कां पडावा? दुसऱ्या बाजीरावानें परगण्यांचे मक्ते बोली लावून दिले होते, आणि मक्तेदार आपला पैसा वसूल करण्यासाठीं रयतेची कातडी सोलीत होते. अशा राज्याची शीव कोणी ओलांडली तर शेतकऱ्यानें छाती पुढें करावी, ही अपेक्षाच चुकीची.

याच्या उलट शिवाजी महाराजांच्या वेळची रीत पाहा. गड वर, आणि गडाच्या पायथ्याला घेरा. घेऱ्यांत रामोशी, महार, कोळी, बेरड यांचीं घरें. चोरवाटा, पाणवठे, झाडी यांवर नजर ठेवण्याचें काम त्यांचें. त्याबद्दल त्यांस जमीन, त्यांस हक्क. म्हणजे गडाभोंवतींचें वर्तुळ माणसें हांकून तयार केलेलें नव्हतें, माणसें बसवून व त्यांस पोटाला देऊन तयार केलेलें होतें. पुढें राज्य बदललें आणि पुरंदरच्या रामोशांचे हे गडरक्षणाचे हक्क गेले. ज्या हातांनीं गड राखला तेच हात सरकारावर उठले. त्याच पुरंदर तालुक्यांतल्या भिवडीचे उमाजी नाईक यांना ३ फेब्रुवारी १८३२ रोजीं पुण्यांत फांशी दिलें. फांशी देऊन एक माणूस संपतो. घेऱ्यांतल्या लोकांची निष्ठा परत येत नाहीं.

आतां काळ वेगळा आहे हें आम्ही जाणतों. भाले-तलवारींच्या गडाखालीं वस्ती चालत असे, स्फोटकांच्या कोठाराखालीं चालत नाहीं. ज्यांना ही गोष्ट पुस्तकी वाटते त्यांनीं आपल्याच मुलुखांतल्या तीनचार हकीकती ध्यानांत घ्याव्या. १४ एप्रिल १९४४ ला मुंबईच्या गोदींत ‘फोर्ट स्टिकीन’ नांवाच्या बोटीवर कापसाच्या गांठी व दारूगोळा एकत्र भरलेला होता. कापूस पेटला, मग बोट फुटली. शेंकडों माणसें मेलीं व गोदीलगतच्या वस्त्या बेचिराख झाल्या. ३१ मे २०१६ च्या मध्यरात्रीनंतर वर्धा जिल्ह्यांतील पुलगांवच्या कोठाराला आग लागली. ती विझवायला धांवलेले अधिकारी, जवान व बंबवाले मिळून डझनाहून अधिक माणसें गेलीं. तेथेंच २० नोव्हेंबर २०१८ ला जुना निकामी दारूगोळा नष्ट करण्यासाठीं उतरवतांना स्फोट झाला आणि सहा जण मेले. त्यांत आसपासच्या खेड्यांतून रोजानें आलेले मजूर होते. २४ जानेवारी २०२५ ला भंडाऱ्याच्या कारखान्यांत आठ जण गेले. दारू जुनी होते, उन्हानें तापते, माणसाच्या हातून एकादी चूक होते. दारूला आपलें-परकें कळत नाहीं. म्हणून कोठारापासून घर लांब असावें हा नियम सैन्याच्या सोयीसाठीं तितकाच आपल्या पोराबाळांच्या जिवासाठीं आहे.

तेव्हां प्रश्न वर्तुळाचा नाहीं. तें कोणीं, कसें व कोणाला सांगून आंखलें, हा प्रश्न आहे.

कायदा आहे १९०३ चा, लॉर्ड कर्झनच्या अमदानींतला. ‘वर्क्स ऑफ डिफेन्स ॲक्ट’ असें त्याचें नांव. संरक्षणाच्या जागेपासून जास्तींत जास्त २००० वार, मग १००० वार, मग ५०० वार अशा तीन हद्दी त्यांत सांगितल्या आहेत. सर्वांत बाहेरच्या हद्दींत लष्करी अधिकाऱ्याच्या लेखी परवानगीशिवाय भिंत बांधतां येत नाहीं, इतकेंच काय, जमिनीची उंचसखल पातळीसुद्धां बदलतां येत नाहीं. सर्वांत आंतल्या हद्दींत बांधकामच नको. कडक कायदा आहे. पण वाचकहो, त्याच कायद्यांत पुढें काय लिहिलें आहे तें कोणी तुम्हांस वाचून दाखवीत नाहीं. त्यांत असें आहे कीं, कलेक्टरानें जमीन आंखावी व मोजावी, ज्यांचें नुकसान होतें त्यांस नोटीस देऊन बोलवावें, त्यांचें म्हणणें ऐकावें, जमिनीची किंमत निर्बंधामुळें किती उतरली तें ठरवून भरपाईचा निवाडा द्यावा, आणि तो निवाडा मान्य नसेल तर धन्यानें कोर्टांत जावें. परक्या सरकारच्या कायद्यानेंसुद्धां एवढें कबूल केलें होतें कीं, कुंपणासाठीं कोणाचें नुकसान झालें तर तें भरून देणें लागतें. आपल्या सरकारच्या कारभारांत हें कलम विसरायला झालें असेल, तर तें आठवून देणें यांत देशद्रोह कोठें आला?

आपल्या बाजूचे आंकडे असे. देहूरोडच्या कोठाराभोंवतीं २००० वार, म्हणजे सुमारें १८२९ मीटर. लोक ज्या अधिसूचनेचें नांव घेतात ती २६ डिसेंबर २००२ ची. दिघीच्या दारूकोठारापासून ११४५ मीटर. लोहगांवच्या विमानतळाच्या हद्दीपासून १०० मीटर आणि तेथल्या बॉम्ब-कोठारापासून ९००. देहू, तळवडे, चिखली, निगडी, दिघी, भोसरी, चऱ्होली, लोहगांव, धानोरी, कळस, कोठेंही जा, कोणत्या ना कोणत्या वर्तुळाची कड लागते. देहूरोडचें कोठार दुसऱ्या महायुद्धाच्या काळांतलें आणि अधिसूचना एकविसाव्या शतकांतली. मधल्या साठ वर्षांत पिंपरी-चिंचवडला कारखाने आले, मराठवाड्यांतून, सोलापुराकडून दुष्काळाचे मारलेले लोक आले, शेतांचे प्लॉट पडले. कोठार हललें नाहीं; माणसें त्याच्याकडे ढकललीं गेलीं.

याशिवाय दुसरा एक प्रकार आहे. १८ मे २०११ रोजीं संरक्षण खात्यानें एक पत्र काढलें. कोणत्याही लष्करी ठाण्याच्या भिंतीपासून १०० मीटरांत बांधायचें तर ठाण्याच्या अधिकाऱ्याचा ना-हरकत दाखला हवा, आणि चार मजल्यांहून उंच इमारत असेल तर ५०० मीटरांपर्यंत हवा. हें पत्र कां निघालें? मुंबईंत कुलाब्याला ‘आदर्श’ नांवाची ३१ मजली इमारत लष्कराच्या शेजारीं उभी राहिली, तिच्यांत मोठे अधिकारी व पुढाऱ्यांचे नातेवाईक यांनीं घरें मिळवलीं, आणि देशभर बोभाटा झाला, म्हणून. पाप ३१ मजल्यांचें, प्रायश्चित्त दोन खोल्यांच्या पत्र्याच्या घराला. पुढें २१ ऑक्टोबर २०१६ ला दुसरें पत्र निघालें आणि कांहीं ठाण्यांपुरते १०० चे १० मीटर झाले. हें त्याच सालीं झालें ज्या सालीं २ जानेवारीला पठाणकोटच्या विमानतळाची भिंत ओलांडून अतिरेकी आंत शिरले आणि १८ सप्टेंबरला उरीच्या छावणींत आपले जवान मारले गेले. १० मीटर बरोबर कीं १०० मीटर बरोबर, हें ठरवण्याइतके आम्ही शहाणे नाहीं. परंतु कलमाच्या एका फटकाऱ्यानें १०० चे १० होतात व पुन्हां वाढूंही शकतात, तर तो आंकडा कांहीं वेदवाक्य नव्हे, आणि त्याविषयीं प्रश्न विचारणाऱ्याच्या तोंडावर हात ठेवण्याचें कारण नाहीं. शिवाय या पत्रांत भरपाईचें कलमच नाहीं. कायद्यानें निर्बंध घातला तर पैसे द्यावे लागतात, पत्रानें घातला तर फुकट! हिशोब चतुर माणसाचा आहे.

आतां घराची गोष्ट सांगतों. नांवगांव घेत नाहीं, कारण अशीं घरें गल्लोगल्लीं आहेत.

एक सुतार. येरवड्याच्या वस्तींत दहा बाय दहाच्या खोलींत सहा माणसें. पोरगी मोठी झाली, आडोसा हवा. तो सुटीच्या दिवशीं धानोरी-लोहगांवच्या बाजूस गुंठा पाहायला जातो. तेथें एक मनुष्य मोटारसायकलवर भेटतो. रस्ता दाखवतो, विजेचा खांब दाखवतो, ‘समोरच्या दहा घरांना मीटर आलेत, तुम्हांलाही येईल’ म्हणतो. शेजारच्या गुंठ्याहून हा गुंठा स्वस्त कसा, असें सुतार विचारतो. ‘मालकाच्या घरीं लग्न आहे, पैशाची नड आहे.’ तुकडेबंदीच्या १९४७ च्या कायद्यामुळें एका गुंठ्याचें खरेदीखत वर्षानुवर्षें होत नसे, म्हणून स्टॅम्पाच्या कागदावर नोटरीचा शिक्का, दोन साक्षीदार, पेढे. बायकोचें मंगळसूत्र, भावाची उसनवार, पतपेढीचें कर्ज. चार वर्षांत विटा, पत्रे, मग स्लॅब. मीटर येतें. घरपट्टीही लागते. घरपट्टीची पावती तो देवाच्या फोटोमागें ठेवतो; त्याला वाटतें सरकारनें आपलें घर ओळखलें. आणि एके दिवशीं दारावर कागद चिकटतो. कागद इंग्रजी.

असे कागद वाचून घ्यायला लोक मास्तराकडे येतात, म्हणून आम्हांस ठाऊक. कागदांत अधिसूचनेचा क्रमांक असतो, यार्ड असतात, मीटर असतात, अमुक कलम, तमुक पोटकलम. वाचून दाखवलें कीं माणूस एकच विचारतो, ‘मास्तर, हें घ्यायच्या आधीं कां नाहीं सांगितलें?’ या प्रश्नाला उत्तर नाहीं. अधिसूचना दिल्लीच्या राजपत्रांत इंग्रजींत छापली, तेव्हां कायद्याच्या दृष्टीनें ती सर्व जगाला कळली. आमच्या सुताराला मात्र ती स्लॅब पडल्यावर कळली. विद्येविना काय होतें हें जोतीरावांनीं दीडशें वर्षांपूर्वीं सांगितलें. त्या वेळीं कागद मोडींत होता व वाचणारा कुळकर्णी होता, आज कागद इंग्रजींत आहे व वाचणारा वकील आहे. एवढाच फरक.

कोणी म्हणेल, सुतारानें चौकशी करायला हवी होती. खरें आहे, करायला हवी होती. पण निगडीच्या सेक्टर २२ मध्यें झोपडीवासीयांसाठीं घरें बांधायला काढलीं तीं खुद्द महानगरपालिकेनें. तिच्यापाशीं नकाशे होते, इंजिनियर होते, वकील होते. तरी इमारती रेड झोनमध्यें निघाल्या, प्रकरण कोर्टांत गेलें व काम अडून राहिलें. जेथें महानगरपालिकेला रेषा दिसली नाहीं तेथें रंधा चालवणाऱ्याला ती कशी दिसावी? आणखी एक गंमत. पिंपरी-चिंचवडांत बिनपरवाना घरांवर घरपट्टीशिवाय तिच्या दुप्पट शास्तीकर बसवला होता. म्हणजे घर बेकायदा आहे हें सरकारला पक्कें ठाऊक, तरी त्याच घराच्या नांवानें दरवर्षीं मागणी काढायची. हा थकलेला शास्तीकर २०२३ सालीं माफ झाला, तेव्हां पुढाऱ्यांनीं फलक लावले. ज्यांनीं तो आधीं भरून टाकला होता ते फलकाकडे बघत राहिले.

आतां गुंठा विकणारा कोण? येथें आम्हांस आपल्याच पाठीवर आसूड ओढला पाहिजे. पूर्वीं शेटजी व भटजी यांच्या नांवानें बोटें मोडलीं कीं काम भागे. आज रेषेच्या आंतल्या जमिनीचे तुकडे करून विकणारा, गळ्यांत सोन्याची साखळी घालून मोटारसायकलवर हिंडणारा, तो पुष्कळदां आपल्याच जातीचा, आपल्याच भावकीचा असतो. त्याला रेषा ठाऊक असते. म्हणून तर भाव स्वस्त असतो. जयंतीच्या मिरवणुकींत तो सर्वांत पुढें नाचतो. अशा माणसाला बहुजन समाजाचा म्हणून पाठीशीं घालणें म्हणजे चोराला घरचा म्हणून तिजोरीची किल्ली देणें होय.

दुसरा गुन्हेगार मतांचा व्यापारी. प्रत्येक निवडणुकीला कोणी तरी येतो आणि ‘रेड झोनची हद्द कमी करून देतों’ असें माईकवर सांगतो. टाळ्या पडतात. आम्ही विचारतों, हद्द कमी करण्याचा अर्थ काय? कोठार तेवढेंच, दारू तेवढीच, आणि माणसें आणखी जवळ! हा उपकार कीं अपकार? दारू मत देत नाहीं, त्यामुळें ती आश्वासनाला भुलतही नाहीं. हद्द खरोखर कमी करायची असेल तर तिचा मार्ग वेगळा आहे. किती अंतर सोडावें हें कोठारांत माल किती आहे आणि तो कसा ठेवला आहे यावर ठरतें. उघड्या शेडींत ठेवलेल्या मालाला अंतर जास्त लागतें. मातीचे जाड ढीग चढवलेल्या, पक्क्या बांधलेल्या, एकमेकांपासून तोडलेल्या कोठारांत तोच माल ठेवला तर कमी अंतर पुरतें. हें काम सभेंतल्या भाषणाचें नाहीं, स्फोटकांचें शास्त्र जाणणाऱ्यांचें आहे, आणि असे लोक आपल्या पुण्यांतच पाषाणच्या प्रयोगशाळेंत बसतात. त्यांच्याकडून माप घ्यावें, कोठारें नवीं बांधावीं, जुना माल गांवांपासून दूर न्यावा. यास पैसा लागेल. लागो. विमानें व तोफा घ्यायला पैसा निघतो, तर त्यांचा दारूगोळा नीट ठेवायलाही निघाला पाहिजे.

देशाच्या संरक्षणाविषयीं बोलण्याचा अधिकार आम्हांस आहे कीं नाहीं, अशी शंका कांहीं सुशिक्षित मंडळी काढतात. त्यांस आम्ही नम्रपणें विचारतों कीं, फौजेंत जातो कोण? पलटणींच्या यादींत नांवें वाचा: सातारा, सांगली, कोल्हापूर, नगर, बीड येथल्या खेड्यांतलीं. महारांची भरती इंग्रजांनीं एकोणिसाव्या शतकाच्या शेवटीं बंद केली, तेव्हां गोपाळबाबा वलंगकरांनीं १८९४ मध्यें अर्ज लिहिला, आणि शिवराम जानबा कांबळे यांनीं १९१० सालीं पुन्हां मागणी केली, कीं आम्हांस देशासाठीं लढूं द्या. लढण्याचा हक्कसुद्धां अर्ज करून मागावा लागला! महार रेजिमेंट उभी राहायला १९४१ साल उजाडलें. ज्या समाजानें रक्ताची परवानगी मागून घेतली त्याला संरक्षणाचे धडे कोणीं देऊं नयेत.

आणि त्या रक्ताचा भाव आतां काय झाला आहे तेंही पाहा. १४ जून २०२२ रोजीं अग्निपथ योजना जाहीर झाली. चार वर्षांची नोकरी. चारांतला एक पुढें कायम, तिघे घरीं. पेन्शन नाहीं. जातांना सेवानिधी म्हणून सुमारें ११ लाख ७१ हजार रुपये. बावीस-तेवीस वर्षांचा पोरगा हे पैसे घेऊन पुण्याच्या कडेला येईल, लग्न करील, डोक्यावर छप्पर शोधील. तेवढ्या पैशांत गुंठा कोठें मिळतो? वर्तुळांत. काल ज्या कोठाराच्या फाटकावर तो बंदूक घेऊन उभा होता, त्याच कोठाराचा कागद उद्यां त्याच्या दाराला चिकटणार. ही आमची कल्पना आहे, पण गणित मांडून पाहा, दुसरें उत्तर येत नाहीं.

लोहगांवच्या भिंतीचा धक्का तर पुरंदरपर्यंत पोंचला आहे. लोहगांवचा विमानतळ हवाईदलाचा. प्रवाशांचीं विमानें तेथें पाहुणीं. पाहुण्यांची गर्दी वाढली तेव्हां त्यांना वेगळें घर हवें झालें, आणि त्यासाठीं पारगांव, खानवडी, मुंजवडी, एखतपूर, कुंभारवळण, वनपुरी, उदाचीवाडी अशा सात गांवांची जमीन पाहिली गेली. मे २०२५ मध्यें ड्रोननें मोजणी होऊं लागली तेव्हां गांवकरी व पोलीस यांची गांठ पडली, लाठ्या चालल्या. पुढें बऱ्याच जणांनीं संमतिपत्रें दिलीं. दिलीं तीं खुशीनें कीं नाइलाजानें, हें ज्याचें त्याला ठाऊक. या सातांतलें खानवडी हें जोतीरावांच्या घराण्याचें गांव. कटगुणहून तें घराणें खानवडीस आलें, तेथून पुण्यास; आणि जोतीरावांनीं येरवड्याच्या पुलाच्या कामाचा मक्ता घेतला होता, असें त्यांचे चरित्रकार सांगतात. येरवड्याच्या पुलावरून विमानतळाकडे जाणाऱ्या मोटारींना हें कोणीं सांगावें?

आमच्या मागण्या साध्या आहेत. प्रत्येक वर्तुळाची कड जमिनीवर दगड रोंवून दाखवावी. नकाशांतली रेषा गाईला कळत नाहीं आणि गवंड्यालाही कळत नाहीं. ज्या गट नंबरांवरून ती जाते त्यांच्या सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ या रकान्यांत मराठींत तशी नोंद करावी. ही एक नोंद झाली तर मोटारसायकलवाल्याचा निम्मा धंदा उद्यां बसेल. ज्या शेतकऱ्याची जमीन अधिसूचनेखालीं आली त्याची भरपाई १९०३ च्या कायद्याप्रमाणें मोजून द्यावी, आणि जेथें नुसत्या पत्रानें बांधकाम अडवलें आहे तेथें एक तर कायद्याखालीं अधिसूचना काढून पैसे द्यावे, नाहीं तर अडवणूक सोडावी. आधींच राहत असलेल्या कुटुंबांचें काय? कोठाराला लागून आहेत त्यांना तेथें ठेवणें हें पाप आहे. त्यांना उठवावें, पण आधीं दुसरें घर हातीं देऊन मग उठवावें, पावसाळा पाहून, पोरांची शाळा पाहून. नुसता बुलडोझर पाठवून नव्हे. लष्कराच्या अधिकाऱ्यांसही आमची विनंति आहे कीं, वर्षांतून एकदां भिंतीबाहेरच्या लोकांना बोलावून चार शब्द मराठींत सांगावे. आग लागली तर भोंगा कसा वाजेल, कोणत्या रस्त्यानें पळावें, एवढें तरी. कोठाराशेजारच्या वस्तीला हें ठाऊक नसेल तर भिंत कितीही उंच बांधली तरी तिचा उपयोग काय?

वाचकांपैकीं जे जागा घेण्याच्या विचारांत आहेत त्यांनीं इसार देण्यापूर्वीं गट नंबर घेऊन तलाठ्याकडे जावें, तेथें समाधान न झालें तर कलेक्टर कचेरींत लेखी अर्ज द्यावा कीं ही जमीन कोणत्याही संरक्षण अधिसूचनेखालीं येते काय, व अर्जाची पोंच घ्यावी. मीटर आलें म्हणजे घर पक्कें झालें असें समजूं नये. घरपट्टीची पावती ही मालकीचा पुरावा नव्हे. स्वस्त गुंठा दिसला तर तो स्वस्त कां, हा प्रश्न तीन माणसांना विचारावा, आणि त्यांतला एक तरी विकणाऱ्याच्या ओळखीचा नसावा.

ज्यांच्या घरीं इंग्रजी नोटीस येऊन पडली आहे व जी अजून कोणीं वाचून दाखवलेली नाहीं, त्यांनीं ती रविवारीं सकाळीं आठ ते अकरा या वेळांत आमच्या कचेरींत आणावी. सोबत सातबारा किंवा नोटरीचा कागद, घरपट्टीची शेवटची पावती व विजेचें बिल असावें. कागद वाचून मराठींत लिहून देऊं. त्याबद्दल कांहीं घेतलें जाणार नाहीं. नोटिशीवर उत्तराची मुदत लिहिलेली असते. ती संपण्याच्या आंत यावें.